चाळीस आर म्हणजे एक एकर नव्हे

ठाण्याच्या कळव्यात जागेचा विषय निघाला की तीन प्रश्न हमखास कानावर येतात. पहिला खारेगाव-विटाव्याकडच्या जुन्या शेतकरी घरांतला: "सातबाऱ्यावर ०.४०.०० लिहिलंय, म्हणजे एक एकर ना?" दुसरा पुनर्विकासाला गेलेल्या सोसायटीतला: "बिल्डर साडेचारशे फूट म्हणाला होता, मग करारनाम्यात ४१.८१ कसं आलं?" आणि तिसरा टाइल्सच्या दुकानातला: "पाचशे फूट फरशी टाकायची होती, दोन बाय दोनच्या सव्वाशे लाद्या नेल्या, तरी कमी कशा पडल्या?"

वरवर पाहता यातला पहिला प्रश्न तलाठ्याचा, दुसरा वकिलाचा आणि तिसरा गवंड्याचा. पण तिघांचं दुखणं एकच आहे. एका मापातलं क्षेत्र दुसऱ्या मापात नेताना कुठेतरी पाऊल चुकलं आहे.

कळव्यात हे जास्त होतं, त्याला कारण आहे. पारसिकचा डोंगर आणि ठाण्याची खाडी यांच्यामधल्या या पट्ट्यात पूर्वी भातशेती होती, खाडीकाठी मिठागरं होती. १ ऑक्टोबर १९८२ रोजी ठाणे महानगरपालिका स्थापन झाली, कळवा तिच्या हद्दीत आलं आणि शेतांच्या जागी इमारती उभ्या राहिल्या. त्यामुळे इथल्या एखाद्या घराच्या कपाटात आजोबांचं एकर-गुंठ्यांतलं खरेदीखत, वडिलांच्या नावचा हेक्टर-आरमधला सातबारा आणि मुलाच्या फ्लॅटचा चौरस मीटरमधला करारनामा, असे तीन कागद शेजारी-शेजारी असतात. तोंडी बोलणं मात्र सगळं फुटांत चालतं.

या प्रकरणात आपण ही मापं एकेक करून समजून घेऊ. पाठ करण्यासारखे आकडे पाच-सहाच आहेत. बाकी सगळं त्यांतूनच निघतं.

१. आकडा बदलतो, जागा बदलत नाही

पाचशेची नोट मोडली की शंभराच्या पाच मिळतात, किंवा पन्नासाच्या दहा. नोट लहान झाली की संख्या वाढते, पैसे तेवढेच राहतात. क्षेत्राचं रूपांतर म्हणजे असे सुट्टे घेणंच. यातून एक नियम मिळतो आणि तो कधीच दगा देत नाही: मोठ्या मापाकडून लहान मापाकडे जाताना गुणायचं, लहानाकडून मोठ्याकडे जाताना भागायचं.

दुसऱ्या प्रश्नाला हा नियम लावून पाहू. करारनाम्यात ४१.८१ चौरस मीटर आहे. चौरस फूट हा चौरस मीटरपेक्षा लहान, म्हणून आकडा वाढलाच पाहिजे. एका चौरस मीटरमध्ये १०.७६४ चौरस फूट बसतात.

४१.८१ × १०.७६४ = ४५०.०४

बिल्डरने सांगितलेले ४५० आणि कागदावरचे ४१.८१ ही एकच जागा आहे. इथे तरी कुणी कुणाला फसवलेलं नाही. पण १०.७६४ हा आकडा आला कुठून? मीटरमध्ये तर सव्वातीनच फूट असतात.

२. लांबीचा आकडा क्षेत्राला चालत नाही

सगळ्यात मोठी चूक इथेच होते. १ मीटर म्हणजे ३.२८ फूट, म्हणून १ चौरस मीटर म्हणजे ३.२८ चौरस फूट, असं पटकन वाटून जातं. तसं नसतं.

जमिनीवर खडूने एक मीटर लांब आणि एक मीटर रुंद चौकोन आखा. आता त्यात फूटभर बाजूचे चौकोन मांडत जा. एका ओळीत तीन पूर्ण बसतात आणि थोडी जागा उरते. अशा तीन ओळी झाल्या की ९ पूर्ण चौकोन झाले. उजवीकडे आणि वरच्या बाजूला एकेक अरुंद पट्टी उरली. दोन्ही पट्ट्या मिळून साधारण १.६८ चौरस फूट भरतात. कोपऱ्यात आणखी एक चिमुकला तुकडा राहतो, सुमारे ०.०८ चौरस फुटांचा. सगळं मिळून १०.७६. म्हणजेच ३.२८ × ३.२८. लांबीचा गुणक दोनदा लागतो, कारण क्षेत्राला लांबी असते आणि रुंदीही असते.

हेच सगळीकडे. वारात तीन फूट, पण चौरस वारात नऊ चौरस फूट. फुटात बारा इंच, पण चौरस फुटात १४४ चौरस इंच. किलोमीटरमध्ये हजार मीटर, पण चौरस किलोमीटरमध्ये दहा लाख चौरस मीटर.

याच वाटेवर आणखी एक खड्डा आहे, तो फूट-इंचांचा. खोली १० फूट ६ इंच बाय ९ फूट ९ इंच असेल, तर मोबाइलच्या कॅल्क्युलेटरवर अनेकजण १०.६ × ९.९ असं टाकतात आणि १०४.९४ हे उत्तर घेऊन मोकळे होतात. पण सहा इंच म्हणजे अर्धा फूट आणि नऊ इंच म्हणजे पाऊण फूट.

१०.५ × ९.७५ = १०२.३८ चौरस फूट

एका खोलीत अडीच चौरस फुटांचा फरक पडला. समजा दर चौरस फुटाला १५,००० रुपये असेल, तर हे जवळपास ३८,००० रुपये झाले. इंचांना आधी बाराने भागायचं आणि मगच गुणाकाराला बसायचं.

३. एकरात चाळीसच गुंठे का?

आता जमिनीकडे वळू. मराठी मुलखात इंग्रजांच्या आधी काठी, पांड, बिघा, चावर ही मापं होती. २० काठ्यांचा पांड, २० पांडांचा बिघा आणि १२० बिघ्यांचा चावर. शिवकाळात काठी पाच हात आणि पाच मुठींची धरत. पण हात आणि मूठ कुणाची, त्यावर काठीची लांबी ठरणार, आणि काठी बदलली की बिघाही बदलणार. पुढे १८३५ च्या सुमारास इंदापूर तालुक्यातून गोल्डस्मिड आणि विंगेट या अधिकाऱ्यांनी मुंबई इलाख्याची नवी जमीन मोजणी सुरू केली. या मोजणीत एकर आणि गुंठा ही मापं पक्की झाली.

एकर हे इंग्लंडचं माप. तिथे सतराव्या शतकात एडमंड गंटर याने ६६ फुटांची मोजणीची साखळी रूढ केली. अशी एक साखळी रुंद आणि दहा साखळ्या लांब, म्हणजे ६६ फूट बाय ६६० फूट, असा पट्टा घेतला की एक एकर होतो.

६६ × ६६० = ४३,५६० चौरस फूट

मुंबई इलाख्यात मोजणीदार ३३ फुटांची, म्हणजे बरोबर निम्मी, साखळी वापरत. ३३ फूट बाय ३३ फूट असा चौकोन झाला की तो एक गुंठा.

३३ × ३३ = १,०८९ चौरस फूट

आता एकराच्या त्या लांबट पट्ट्यात हे चौकोन मांडा. रुंदीत ६६ भागिले ३३, म्हणजे २ बसले. लांबीत ६६० भागिले ३३, म्हणजे २० बसले. दोन ओळी, प्रत्येकी वीस. एकराचे चाळीस गुंठे ते असे.

३३ फूट म्हणजे ११ वार. म्हणून गुंठा हा १२१ चौरस वारांचा आणि एकर ४,८४० चौरस वारांचा. मुंबई-ठाण्याच्या जुन्या खतांत क्षेत्र वारांत लिहिलेलं असतं, तिथे हा १२१ चा आकडा कामाला येतो. त्या ३३ फुटी साखळीचे सोळा भाग करून प्रत्येक भागाला आणा म्हणत, आणि गुंठ्याचेही सोळा आणे धरत. त्यामुळे जुन्या कागदावर "२ एकर १३ गुंठे ८ आणे" असं दिसलं तर गोंधळायचं नाही. आठ आणे म्हणजे अर्धा गुंठा.

४. सातबाऱ्यावरचे तीन आकडे

स्वातंत्र्यानंतर देशात दशमान पद्धत आली. १९५६ च्या कायद्याने मीटर आणि किलो ही प्रमाण मापं ठरली, १ एप्रिल १९५७ पासून रुपयाचे शंभर नये पैसे झाले. जमिनीच्या दप्तरालाही हे लागू करावं लागलं. ठाणे जिल्ह्यातल्या गावांचे जुने फेरफार चाळले की एक फेरफार पुन्हा पुन्हा भेटतो. त्यात १९५५ चा नाणी कायदा आणि १९५८ चा वजन-मापे अंमलबजावणी कायदा यांचा दाखला देऊन गावाच्या जमिनींचं क्षेत्र एकर-गुंठ्यांतून हेक्टर-आरमध्ये आणि आकार, म्हणजे धारा, आणे-पैंतून दशमान पैशांत बदलल्याची नोंद असते. जमीन जिथल्या तिथेच राहिली, धारा तोच राहिला, आकड्यांचे फक्त सुट्टे झाले.

नवी मापं समजायला एकदम सोपी आहेत.

१० मीटर × १० मीटर = १०० चौरस मीटर = १ आर

१०० मीटर × १०० मीटर = १०,००० चौरस मीटर = १ हेक्टर = १०० आर

सातबाऱ्यावर शेतजमिनीचं क्षेत्र तीन आकड्यांत येतं: हेक्टर, आर, चौरस मीटर. १.२५.४० म्हणजे १ हेक्टर, २५ आर, ४० चौरस मीटर. चौरस मीटरमध्ये आणायचं असेल तर फक्त टिंबं काढून टाका: १२,५४०. शंभराचे टप्पे असल्यामुळे इतकं सोपं झालं आहे.

पण यासाठी आर आणि चौरस मीटर हे दोन्ही आकडे दोन-दोन अंकी लिहिलेले हवेत. कुणी घाईत ०.४.५ असं लिहिलं, तर ते ४ आर ५ चौरस मीटर, म्हणजे ४०५ चौरस मीटर. त्याचं कुणी ०.४५ केलं तर ते होतात ४५ आर, म्हणजे ४,५०० चौरस मीटर. एका शून्याने अकरापट जमीन झाली! म्हणून स्वतः लिहिताना नेहमी ०.०४.०५ असं लिहावं.

दुसरी काळजी मथळ्याची. बिनशेती जमिनीचं क्षेत्र आर आणि चौरस मीटर अशा दोनच मापांत दाखवतात. तिथे ४.०५ म्हणजे ४ आर ५ चौरस मीटर. शेतीच्या सवयीने त्याला ४ हेक्टर समजलं, तर चार गुंठ्यांत घर असलेला माणूस मोठा जमीनदार होऊन बसेल. आकडा वाचण्याआधी वर छापलेलं एकक वाचायचं.

५. दिसायला जवळ, हिशोबात वेगळे

आता पहिल्या प्रश्नाकडे येऊ. ०.४०.०० म्हणजे ४० आर. एक एकर म्हणजे ४० गुंठे. दोन्हीकडे चाळीसच आहेत, म्हणून लोक आर आणि गुंठा एकच धरतात. तलाठी कार्यालयाबाहेर बसलेल्या माणसापासून जमिनीच्या दलालापर्यंत सगळे बोलताना तसंच बोलतात. पण आर १०० चौरस मीटरचा आणि गुंठा १०१.१७ चौरस मीटरचा. फरक सव्वा टक्क्याहून थोडा कमीच आहे. एका गुंठ्यापुरता तो नजरेत भरत नाही. चाळीस गुंठ्यांवर काय होतं ते पाहा.

४० आर = ४,००० चौरस मीटर

४० गुंठे = ४,०४६.८६ चौरस मीटर

फरक ४६.८६ चौरस मीटर, म्हणजे ५०४ चौरस फूट. मुंबईत ज्या मर्यादेपर्यंतच्या घरांना मालमत्ता करात सूट आहे, ती ५०० चौरस फुटांची आहे. म्हणजे आर आणि गुंठा एक धरला, तर एकरामागे एक अख्खा फ्लॅट हिशोबातून निसटतो. भातशेतीच्या काळात कुणी त्याची पर्वा केली नसती. आज कळव्यात ५०४ फूट कुणी कुणाला सोडत नाही.

म्हणून पहिल्या प्रश्नाचं उत्तर: नाही, ०.४०.०० म्हणजे एकर नव्हे, एकराला ४७ चौरस मीटर कमी. पूर्ण एकर असता तर सातबाऱ्यावर ०.४०.४७ दिसलं असतं.

आता आजोबांच्या खरेदीखतातले ते "२ एकर १३ गुंठे ८ आणे" सातबाऱ्याच्या भाषेत आणू.

पायरी एक, सगळं गुंठ्यांत: (२ × ४०) + १३ + ०.५ = ९३.५ गुंठे.

पायरी दोन, गुंठ्यांचे चौरस मीटर: ९३.५ × १०१.१७१४ = ९,४५९.५.

पायरी तीन, उजवीकडून दोन-दोन अंक तोडा: ० हेक्टर, ९४ आर, ५९.५ चौरस मीटर.

कुणी घाईत ९३.५ गुंठ्यांचे ९३.५ आर केले असते, तर ९,३५० चौरस मीटरच आले असते. जवळजवळ ११० चौरस मीटर, म्हणजे एक गुंठ्याहून जास्त जागा, कागदावरच गायब झाली असती.

उलटं जायचं तर १.२५.४० हा सातबारा घ्या. टिंबं काढली, १२,५४० चौरस मीटर. भागिले १०१.१७१४, आले १२३.९५ गुंठे. त्यातून १२० गुंठ्यांचे ३ एकर काढले, उरले ३.९५ गुंठे. म्हणजे ३ एकर आणि चार गुंठ्यांना किंचित कमी.

६. फुटांत जन्मलेले आकडे

सरकारी नियमावलीत काही आकडे चमत्कारिक दिसतात. झोपडपट्टी पुनर्वसनात घराचं क्षेत्र आधी २०.९० चौरस मीटर होतं, मग २५ झालं, नंतर २७.८८. मधला आकडा तेवढा गोल आहे. बाकीचे दोन असे का? कारण ते फुटांत ठरले आणि मग मीटरमध्ये आले. २२५ चौरस फुटांचे होतात २०.९० आणि ३०० चौरस फुटांचे २७.८८. उलट २५ हा मीटरमध्ये ठरलेला आकडा, म्हणून लोकांच्या तोंडी तो "२६९ फूट" असा वेडावाकडा होऊन आला. मुंबईतल्या करसवलतीचे ५०० फूटही कागदावर ४६.४५ चौरस मीटर होतात. एखादा आकडा विचित्र वाटला, तर तो दुसऱ्या मापात करून बघावा. तिथे गोल आला, तर तो त्याच मापात ठरला असं समजायला हरकत नाही.

आता २७.८८ कडे जरा बारकाईने पाहू. ३०० ला १०.७६ ने भागलं तर २७.८८ येतं. १०.७६४ ने भागलं तर २७.८७ येतं. गुणकातला तिसरा दशांश सोडला, की उत्तरातला दुसरा हलतो. एका घरामागे हा फरक चौरस मीटरचा शंभरावा हिस्सा, म्हणजे तळहाताएवढा. पण दहा हजार घरांची योजना असेल, तर तळहात जोडत-जोडत १०० चौरस मीटर होतात, म्हणजे एक आर. म्हणून हिशोबात गुणक पूर्ण वापरायचा आणि आकड्याचं पूर्णांकन शेवटी एकदाच करायचं. प्रत्येक पायरीला छाटाछाट केली, तर चुका साठत जातात.

टाइल्सच्या दुकानातला प्रश्न याच जातीचा आहे, फक्त उलट्या दिशेचा. ज्या लादीला सगळे "दोन बाय दोन" म्हणतात, तिच्या खोक्यावर ६०० × ६०० मिलिमीटर छापलेलं असतं. दोन फूट म्हणजे ६०९.६ मिलिमीटर. प्रत्येक बाजूला जवळजवळ एक सेंटिमीटर कमी. क्षेत्रात हा तोटा दोनदा लागतो, हे आपण दुसऱ्या भागात पाहिलं. त्यामुळे एक लादी ४ चौरस फुटांची नसते, ३.८७५ चौरस फुटांची असते.

पाचशे फुटांसाठी: ५०० ÷ ४ = १२५ लाद्या, हा तोंडी हिशोब.

पाचशे फुटांसाठी: ५०० ÷ ३.८७५ = १२९.०३, म्हणजे १३० लाद्या, हा खरा हिशोब.

चार लाद्यांच्या खोक्यावर १.४४ चौरस मीटर असं लिहिलेलं असतं. ५०० फूट म्हणजे ४६.४५ चौरस मीटर. भागिले १.४४, आले ३२.२६. म्हणजे ३३ खोकी. तोंडी हिशोबाने १६ फुटांचं खोकं धरलं असतं तर ३२ खोकीच आणली असती. काप-तूट आणि फूट-फाट यांची वेगळी भर घालायची ती यावर.

गवंडी आणि कंत्राटदार मजुरी लावताना आणखी एक माप वापरतात: ब्रास. प्लास्टर किंवा फरशीच्या कामात एक ब्रास म्हणजे १०० चौरस फूट, म्हणजे ९.२९ चौरस मीटर. वाळू-खडीचा ब्रास मात्र १०० घनफुटांचा. तो क्षेत्राचा नव्हे, आकारमानाचा. दोघांची गल्लत करायची नाही.

७. दर उलटा चालतो

आतापर्यंत जागेचा आकडा बदलला. आता भावाचा बदलू. सरकारी रेडी रेकनरमध्ये सदनिकांचा दर चौरस मीटरला दिलेला असतो आणि बाजारात भाव चौरस फुटाला बोलतात. इथे बऱ्याच जणांचा पाय घसरतो. जागा मीटरमधून फुटांत नेताना १०.७६४ ने गुणलं, म्हणून दरही गुणायला जातात. पण लहान मापाचा भाव लहानच असणार. पाचशेच्या नोटेतून पन्नासाच्या दहा मिळतात, पण प्रत्येक नोट पन्नासाचीच असते. जागा जिथे गुणायची, तिथे दर भागायचा.

समजा दर चौरस मीटरला १,०७,६४० रुपये आहे. १०.७६४ ने भागला की चौरस फुटाला १०,००० रुपये झाले. ताळा करू.

४५० चौरस फूट × १०,००० = ४५,००,००० रुपये

४१.८१ चौरस मीटर × १,०७,६४० = ४५,००,४२८ रुपये

वरचे ४२८ रुपये का आले? कारण ४५० फुटांचे नेमके ४१.८०६ चौरस मीटर होतात, आणि कागदावर ते ४१.८१ लिहिले. एवढा फरक पूर्णांकनाचा असतो. तो पाहून घाबरायचं कारण नाही.

८. टक्क्याला माप नसतं

विटावा सोडलं की दिघा लागतं आणि नवी मुंबईची हद्द सुरू होते. १७ मार्च १९७० रोजी सिडको स्थापन झाली आणि ९५ गावांच्या ३४४ चौरस किलोमीटर टापूत नवं शहर उभारायचं काम तिच्याकडे आलं. एका चौरस किलोमीटरमध्ये १०० हेक्टर, म्हणून हे झाले ३४,४०० हेक्टर, म्हणजे सुमारे ८५,००० एकर. जमिनी गेलेल्या गावकऱ्यांनी दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली लढा दिला. जानेवारी १९८४ मध्ये जासईच्या आंदोलनात पाच जणांचे प्राण गेले. पुढे १९९० मध्ये संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याची योजना आली. सामाजिक सुविधांसाठी त्यातले ३.७५ टक्के वजा होतात, हातात ८.७५ टक्के येतात.

एक एकर गेला असेल, तर किती मिळणार? हेक्टर-आरच्या भानगडीत न पडता हे तोंडी करता येतं. ४० गुंठ्यांचे साडेबारा टक्के म्हणजे ५ गुंठे. ८.७५ टक्के म्हणजे साडेतीन गुंठे. चौरस मीटरमध्ये केलं, तर ४,०४६.८६ चे ८.७५ टक्के म्हणजे ३५४.१, आणि साडेतीन गुंठेही ३५४.१ चौरस मीटरच भरतात. टक्के आधी काढा आणि मग माप बदला, किंवा माप आधी बदला आणि मग टक्के काढा, उत्तर एकच येतं. म्हणून टक्क्याचं गणित ज्या मापात सोपं वाटेल त्यात करावं, आणि माप शेवटी बदलावं.

९. हे रूपांतरच नव्हे

एका गोष्टीला मात्र लोक चुकून रूपांतर म्हणतात. "६०० फुटांचा फ्लॅट म्हणाले आणि कागदावर ४५० आले" हा मापाचा प्रश्न नाही. दोन्ही आकडे फुटांतच आहेत. फरक मोजलं काय, यात आहे. सुपर बिल्टअपमध्ये जिन्याचा, लिफ्टचा आणि लॉबीचा वाटा धरलेला असतो.

२०१६ च्या रेरा कायद्याने कार्पेट क्षेत्राची व्याख्या ठरवून दिली आणि १ मे २०१७ पासून महारेराचं काम सुरू झालं. या व्याख्येनुसार घरातल्या खोल्यांची वापरायची जागा आणि आतल्या भिंतींखालची जागा धरायची. बाहेरच्या भिंती, डक्ट, बाल्कनी आणि खुली गच्ची वगळायची. म्हणून दोन आकडे जुळत नसतील, तर गुणाकाराला बसण्याआधी विचारावं: हा कार्पेट की सुपर बिल्टअप? शेतजमिनीत हाच प्रश्न पोटखराब्याचा असतो: हे एकूण क्षेत्र की फक्त लागवडीयोग्य?

१०. फरक किती, त्यावरून चूक कोणती

सगळी मापं एकमेकांत बदलायला गेलं, तर गुणकांचं जंगल होतं. त्यावर उपाय एकच: कुठलंही माप असो, आधी चौरस मीटरमध्ये आणायचं आणि तिथून हव्या त्या मापात न्यायचं. त्यासाठी एवढे आकडे वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा.

१ चौरस फूट = ०.०९२९ चौरस मीटर
१ चौरस वार = ०.८३६१ चौरस मीटर
१ आर = १०० चौरस मीटर
१ गुंठा = १०१.१७ चौरस मीटर
१ एकर = ४,०४६.८६ चौरस मीटर
१ हेक्टर = १०,००० चौरस मीटर

तरीही दोन कागदांवरचे आकडे जुळले नाहीत, तर मोठ्या आकड्याला लहान आकड्याने भागा. येणारा भागाकारच चूक दाखवून देतो.

१.०१ च्या जवळपास आला, तर कुणीतरी आर आणि गुंठा एकच धरला आहे.

१.०३ च्या जवळपास आला आणि विषय लाद्यांचा असेल, तर ६०० मिलिमीटरला दोन फूट मानलं आहे.

१.२ च्या आसपास आला, तर चौरस वार आणि चौरस मीटर एक समजले गेले आहेत.

१.२५ ते १.५ च्या मधे कुठेतरी आला, तर बहुधा मापाचा घोळ नाही. एकीकडे कार्पेट आहे आणि दुसरीकडे सुपर बिल्टअप.

३ किंवा ३.२८ आला, तर वारात किंवा मीटरमध्ये गुणक एकदाच वापरला आहे, दुसऱ्यांदा विसरला आहे.

१०-११ किंवा १०० च्या जवळपास आला, तर टिंब सरकलं आहे किंवा शून्य गळलं आहे. सातबाऱ्याच्या मथळ्यातलं एकक पुन्हा वाचा.

आणि भागाकार यातल्या कशातच बसत नसेल, तर चूक बहुधा कागदावरच्या गणितात नाही. खतातली जागा आणि बांधावरची जागा यांतच तफावत असू शकते, आणि ती कॅल्क्युलेटरला सापडणार नाही. अशा वेळी उपअधीक्षक, भूमी अभिलेख यांच्या कार्यालयात मोजणीचा अर्ज करावा, आणि मोजणीदार येईल त्या दिवशी शेजाऱ्यांसह स्वतः जागेवर हजर राहावं.